रुमाल सोडण्याआधी

साताऱ्यात राहून अभिलेखागारात काम करायचं म्हणतोस, तर आधी मोडी शीक. वाचता येण्यावर थांबू नकोस, कालगणनाही पक्की कर. कागदावर 'इहिदे सितैन मया व अलफ' असे अरबी आकडे दिसले की शुहूर सन (मराठेशाहीच्या कागदांतली जुनी कालगणना) ११६१ हे बोटावर यायला हवं. त्यात ५९९ किंवा ६०० मिळवले की इसवी सन येतो. कारण हे वर्ष मृगाला बदलतं. पानिपतची संक्रांत याच सालातली.

आता माझी चूक सांगतो. नोकरीच्या पहिल्या वर्षी एका घराण्याचा रुमाल, म्हणजे कागद बांधलेलं कापडी गाठोडं, सोडला आणि उत्साहात सगळे कागद तारखेप्रमाणे लावले. एका वादाचे कागद कारकुनाने मुद्दाम एकत्र बांधले होते, ते पांगले. कोणत्या पत्राला कोणतं उत्तर, हे आजही नीट लागत नाही. म्हणून रुमाल सोडण्याआधी फोटो काढ, प्रत्येक कागदावर कोपऱ्यात मऊ पेन्सिलीने क्रमांक टाक. शाईचं पेन टेबलाजवळही नको.

सांगलीला २०१९ च्या महापुरात कितीतरी घरांतली दप्तरं भिजली. लोकांनी ती उन्हात वाळत घातली आणि कागद आकसले, पानं चिकटली. सावलीत, पंख्याच्या वाऱ्यावर, टीपकागद बदलत वाळवायची असतात. हे गावागावांत जाऊन सांगणं मी नोकरीचाच भाग मानतो.

दिल्लीला राष्ट्रीय अभिलेखागाराची एक वर्षाची पदविका आहे. जमलं तर कर. जागा कमी निघतात, पण मोडी जाणणारा रिकामा बसलेला मी पाहिला नाही.