पोरगं फिल्मच्या नादानं असं झालं का?

यावल तालुक्यातले एक केळी उत्पादक माझ्याकडे समुपदेशनासाठी आले होते. (ओळख पटेल असं सगळं इथे बदललं आहे.) धाकटा मुलगा पदरच्या पैशानं लघुपट करतो. त्यानं नवी फिल्म वडिलांना व्हॉट्सॲपवर पाठवली आणि स्वतः जळगावला मित्राच्या खोलीवर जाऊन राहिला. फिल्ममधल्या तरुणाचं गावातल्याच एका मुलावर प्रेम आहे.

"मॅडम, हे तो स्वतःचंच सांगतोय ना? फिल्मच्या नादानं झालं का हे? लग्न लावून दिलं तर सुधरेल?"

असं विचारणारे आईबाप नेहमी येतात, म्हणून सरळ सांगते. फिल्ममुळे कुणी समलिंगी होत नाही. हा आजारही नाही. जागतिक आरोग्य संघटनेनं १९९० मध्येच समलैंगिकता आजारांच्या यादीतून काढली. 'बरं करून देतो' म्हणणाऱ्या डॉक्टरच्या दारात जाऊ नका, असे उपचार राष्ट्रीय वैद्यकीय आयोगानं २०२२ मध्ये गैरवर्तन ठरवले आहेत. आणि लग्न? त्यात एका परक्या मुलीचं आयुष्य नासतं. यावर मी कधी मऊ बोलत नाही.

"पण हे निसर्गाच्या विरुद्ध आहे," ते म्हणाले. समलिंगी संबंधांना गुन्हा ठरवणाऱ्या कलम ३७७ ची भाषाही हीच होती. सज्ञानांच्या संमतीच्या संबंधांपुरतं ते कलम सर्वोच्च न्यायालयानं ६ सप्टेंबर २०१८ ला रद्द केलं, हे त्यांना ठाऊक नव्हतं.

मग वैतागून म्हणाले, "फिल्ममध्ये माणसं कमी न् केळफूलच जास्त!" मी म्हटलं, मला केळीतलं कळत नाही, समजावून सांगा. खुलले एकदम. आधी मादी फुलं येतात, त्यांच्या फण्या होतात. पुढे टोकाला नुसती नर फुलं. फण्या पडल्या की आम्ही केळफूल छाटतो. निसर्गात सगळं एकाच साच्याचं नसतं, हे मुलाला सुचवायचं होतं ते उघड होतं, पण तो धागा मी ओढला नाही. केळीवरून माणसाचं काही सिद्ध होत नाही, आणि आपल्या पोराला घरात ठेवायला निसर्गाचा दाखला कशाला हवा?

मुलाशी मात्र मी जरा कडक बोलले. "फिल्म बोलते ना माझ्या वतीनं," तो म्हणाला. अरे, प्रेक्षकांशी बोलते. बापाला लिंक पाठवून पसार झालास, तर त्यानं प्रश्न कुणाला विचारायचे? आणि गाव ओळखू येत असेल, तर उद्या पारावर बोलणी आईबापानं खायची. मुंबईच्या कशिश या एलजीबीटी चित्रपट महोत्सवात फिल्म पाठवायची की नाही हे तुझं तू ठरव, पण घरच्यांना आधी कळू दे.

पुढच्या वेळी दोघं एकत्र आले. वडिलांची एकच अट होती, गावाची पाटी दिसते तो शॉट काढ. त्यानं काढला. स्थळं बघणं थांबलं आहे. आईला अजून सांगायचंय. कानबाईचा सण होऊन जाऊ दे, मग तिघं मिळून येतो, असं ठरलंय.