वाचकांचे प्रश्न : काच बाजूला, जाळी समोर

प्रश्न : मुलासाठी गेमिंगचा संगणक असेंबल करून घेत आहोत. रायझन ५ ५६०० प्रोसेसर, आरटीएक्स ४०६० ग्राफिक्स कार्ड आणि मायक्रो-एटीएक्स मदरबोर्ड ठरला आहे. कॅबिनेटसाठी ४,००० रुपये ठेवले आहेत. समोरून आणि बाजूनेही काच असलेले, रंगीत दिव्यांच्या पंख्यांचे कॅबिनेट मुलाला आवडले आहे. घ्यावे का? – एक वाचक, सातारा

उत्तर : बाजूच्या काचेला हरकत नाही, समोरच्या काचेला आहे. बहुतेक कॅबिनेटमध्ये पुढचे पंखे थंड हवा आत ओढतात आणि मागचा पंखा तापलेली हवा बाहेर टाकतो. समोर अखंड काच आली की पुढच्या पंख्यांना कडेच्या अरुंद फटीतून मिळेल तेवढ्याच हवेवर भागवावे लागते. आपला प्रोसेसर ६५ वॉटचा आणि कार्ड ११५ वॉटचे आहे, म्हणजे उष्णता माफक आहे आणि अशा कॅबिनेटमध्येही संगणक बंद पडणार नाही. मात्र एप्रिल-मेमध्ये पंखे सतत जोरात फिरतील, त्यांचा आवाज खोलीभर होईल आणि दोन-तीन वर्षांनी अधिक ताकदीचे कार्ड घेतलेत तर कॅबिनेटही बदलावे लागेल. त्यामुळे बाजूला काच आणि समोर जाळी असलेले कॅबिनेट पाहावे. जाळीतही फसगत असते, कारण काहींच्या मागे जाड फोम किंवा प्लॅस्टिकची पाठ असते. दुकानात पुढचे पॅनेल काढून त्यामागे मोबाईलचा टॉर्च धरावा. उजेड अडत असेल तर हवाही अडणार.

मायक्रो-एटीएक्स बोर्ड जास्तीत जास्त २४४ मिमी लांब-रुंद असतो, तेव्हा मोठ्या एटीएक्स कॅबिनेटसाठी जास्त पैसे मोजण्याचे कारण नाही. कार्डाची लांबी मात्र खोक्यावरून पाहून घ्यावी, कारण ४०६० हे कार्ड दोन पंख्यांचे आखूड मिळते तसे तीन पंख्यांचे लांबही मिळते. प्रोसेसर थंड ठेवणारा कुलर उंच टॉवरचा घेणार असाल, तर त्याची उंची आणि कॅबिनेटची मर्यादा यांचाही मेळ घालावा. नाहीतर कुलर अडून बाजूची काच बसणार नाही.

आता पंखे. स्वस्त कॅबिनेटचे अनेक पंखे मदरबोर्डला न जोडता थेट एसएमपीएसच्या, म्हणजे वीज पुरवणाऱ्या डब्याच्या, मोलेक्स नावाच्या चार पिनांच्या जोडणीला जोडलेले असतात आणि काम असो वा नसो, एकाच वेगाने फिरत राहतात. असे सहा चमकते पंखे घेण्यापेक्षा मदरबोर्डला जोडता येणारे तीन पंखे केव्हाही बरे. दोन पुढे आणि एक मागे एवढे आपल्याला पुरे आहेत. दिव्यांची जोडणीही विचारून घ्यावी. तीन पिनांचे एआरजीबी (प्रत्येक दिव्याचा रंग वेगळा ठेवता येणारे) दिवे ५ व्होल्टचे, तर चार पिनांचे साधे आरजीबी (सगळे एकाच रंगात लागणारे) १२ व्होल्टचे असतात. ५ व्होल्टचे दिवे ओढूनताणून १२ व्होल्टवर लावले तर जळतात.

प्रश्न : साफसफाईसाठी कॅबिनेटची काच काढून फरशीवर उभी टेकवली आणि तिचा चुरा झाला. काच सदोष होती का? – एक वाचक, ठाणे

उत्तर : तसे असेलच असे नाही. कॅबिनेटची काच बहुधा टेम्पर्ड असते. अशी काच ६०० अंश सेल्सिअसच्या वर तापवून हवेच्या झोताने झटकन थंड करतात, त्यामुळे तिचा पृष्ठभाग दाबाखाली आणि गाभा ताणाखाली राहतो. मधोमध ती बराच मार सोसते, पण कडेला टाइलचा कठीण बिंदू लागून तडा गाभ्यापर्यंत गेला की सगळी काच एकदम बारीक तुकड्यांत फुटते. काढलेली काच नेहमी सतरंजीवर आडवी ठेवावी. नवी करून घेताना लक्षात ठेवा, टेम्पर झालेली काच कापता येत नाही की तिला भोके पाडता येत नाहीत, म्हणून माप आणि स्क्रूची भोके आधी नेमकी द्यावी लागतात. कंपनीकडे सुटे पॅनेल मिळत नसेल तर ॲक्रिलिकचा तुकडा कापून घेणे सोपे. त्यावर ओरखडे उठतात, तेवढे सोसावे लागेल.