लॅगिंग : पाइपाचं, पुलीचं आणि वीजबिलातलं

प्रश्न : मी अहमदपूर तालुक्यातला. आयटीआयला फिटर केलं, आता छोटी कंत्राटं घेतो. एका साखर कारखान्याच्या कामाच्या यादीत 'स्टीम पाइप लॅगिंग' आणि 'हेड पुली लॅगिंग' अशा दोन ओळी होत्या. पाइपाला कापूस गुंडाळून पत्रा मारतात हे माहीत होतं, म्हणून पुलीलाही तेच धरून दर भरला. तो चुकला. आमच्या मामांच्या जिनिंगच्या वीजबिलातही 'लॅग' असं छापून येतं. हा शब्द एकच आहे का? त्याचा नक्की अर्थ काय धरायचा?

उत्तर : तुमच्या चुकीत ती यादी लिहिणाऱ्याचाही वाटा आहे. नुसतं 'लॅगिंग' लिहून काम सांगता येत नाही. कशावर, कशाचं आणि किती जाडीचं, एवढं तरी त्यासोबत हवंच. पुढच्या वेळी दर भरण्याआधी हे तिन्ही प्रश्न लेखी विचारा आणि उत्तरही लेखी घ्या.

वीजबिलाचं आधी उरकतो. मोटर चालते तेव्हा करंट व्होल्टेजच्या मागे राहतो, म्हणून पॉवर फॅक्टर (घेतलेल्या विजेतली खरी कामाला येणारी किती, त्याचं प्रमाण) 'लॅगिंग'. कपॅसिटर गरजेपेक्षा जास्त जोडले की करंट पुढे जातो, तो 'लीडिंग'. जिनिंगमध्ये सगळा कारभार मोटरांवर, त्यामुळे बिलात लॅगचा आकडा मोठा दिसणारच. मामांना कपॅसिटर पॅनेल एकदा तपासून घ्यायला सांगा. हा लॅग रेंगाळण्याचा आहे, आवरणाशी त्याचं काही नातं नाही.

आवरणाचा लॅग वेगळ्या घराण्यातला. इंग्रजीत पिंपाच्या उभ्या लाकडी फळीला लॅग म्हणत. शब्द बहुधा स्कँडिनेव्हियाकडून आलेला. वाफेची इंजिनं आली तेव्हा बॉयलरची आणि सिलिंडरची उष्णता बाहेर जाऊ नये म्हणून त्यांच्याभोवती अशाच फळ्या शेजारीशेजारी लावून वरून पट्ट्या आवळत. जुन्या आगगाडीच्या इंजिनांची चित्रं पाहिलीत तर बॉयलरवर लाकडाच्या पट्ट्या स्पष्ट दिसतात. पुढे लाकडाच्या जागी दुसरे पदार्थ आले, पण कामाला लॅगिंगच म्हणत राहिले.

त्यातूनच आज तीन ठिकाणी तीन वापर दिसतात. गरम पाइप, टाकी, बॉयलर यांच्यावर लॅगिंग म्हणजे उष्णता अडवणारं आवरण. कन्व्हेयरच्या, म्हणजे माल वाहून नेणाऱ्या पट्ट्याच्या, पुलीवर लॅगिंग म्हणजे ड्रमवर चिकटवलेलं रबर. त्याचा उष्णतेशी संबंध नसतो. पट्टा घसरू नये आणि ड्रमचं लोखंड झिजू नये यासाठी ते असतं. तिसरा वापर बोगद्यात आणि खोल पायाच्या खड्ड्यात. लोखंडी कमानींच्या किंवा खांबांच्या मधल्या जागेत फळ्या बसवतात, म्हणजे सुटा दगड किंवा माती आत येत नाही. मूळ अर्थाला, म्हणजे फळ्यांना, हा तिसरा वापर सगळ्यांत जवळचा.

शासकीय परिभाषेच्या वळणाने पहिल्याला 'उष्णतारोधक आवरण' म्हणता येईल. पत्रव्यवहारात ते जरूर लिहा, पण कंसात का होईना, लॅगिंग हा शब्द ठेवा. बॉयलर हाउसमध्ये 'आवरण' म्हणालात तर कोणी पत्रा आणील, कोणी ताडपत्री.

आता पाइपाच्या लॅगिंगबद्दल जरा सविस्तर लिहितो. माझी सगळी नोकरी साखर कारखान्याच्या बॉयलर हाउसला गेली आणि हे काम जितकं हलक्यात घेतलं जातं तितकं ते हलकं नाही. हिशोबच बघा. चार इंची पाइपात आठ किलो दाबाची वाफ आहे, म्हणजे तापमान साधारण १७५ अंश. हा पाइप उघडा असेल तर एका मीटरमधून ७०० ते ८०० वॅट उष्णता हवेत जाते. त्यावर ५० मिलिमीटर जाडीची खनिज लोकर (काचलोकर किंवा दगडी लोकर) नीट बसवली की ती ७० वॅटच्या आसपास येते. बगॅसमध्ये, म्हणजे बॉयलरमध्ये जाळायच्या उसाच्या चिपाडात, सांगायचं तर एका उघड्या मीटरपायी दिवसाला आठ-नऊ किलो बगॅस फुकट जळतो. कारखान्यात असे उघडे मीटर किती असतात ते तुम्ही मोजलेत तर तुम्हालाही वाईट वाटेल. त्यातही पाइप झाकलेला आणि व्हॉल्व्ह उघडा हे दृश्य नेहमीचंच. एक उघडा व्हॉल्व्ह त्याच मापाच्या जवळजवळ एक मीटर उघड्या पाइपाइतकी उष्णता घालवतो. व्हॉल्व्ह दुरुस्तीला खोलावा लागतो म्हणून तो उघडा ठेवतात. त्यासाठी काढता-घालता येणारी जॅकेटं मिळतात. दर भरताना ती वेगळ्या ओळीत दाखवा.

काम बघायचं असेल तर पत्र्याची चमक बघू नका, जोड बघा. लोकरीची गादी पाइपाभोवती बसवून जाळी घालायची आणि तारेने बांधायची, पण करकचून आवळायची नाही. गादी दबली की जाडी गेली, आणि जाडीचेच तर पैसे दिलेले असतात. जाडी जास्त हवी असेल तर दोन थर द्या. खालच्या थराचा जोड वरच्या थराने झाकला गेला पाहिजे. त्यावर अ‍ॅल्युमिनियमचा पत्रा. आडव्या पाइपावर पत्र्याचा लांब जोड कधीही माथ्यावर ठेवू नका. तो बाजूला, मध्यापेक्षा थोडा खाली घ्या आणि वरच्या कडेचं तोंड खाली वळवा, म्हणजे पावसाचं पाणी जोडावरून निघून जाईल. बेंडला, म्हणजे पाइपाच्या वळणाला, पत्र्याच्या निमुळत्या पट्ट्या कापून एकात एक बसवतात. चांगला कारागीर तिथेच ओळखू येतो. कच्चा माणूस बेंडवर पत्रा चेपून स्क्रू मारतो, आणि पहिल्याच पावसात पाणी आत.

मराठवाड्यातल्या कारखान्यांना हे पाणीच नडतं. गळीत दिवाळीच्या आगेमागे सुरू होतं आणि उन्हाळ्याच्या तोंडाशी संपतं. मग सगळा पावसाळा पाइप थंड पडून राहतात. जोडातून शिरलेलं पाणी लोकरीत मुरतं. रांजणाला ओलं पोतं गुंडाळलं की पाणी गार होतं, तसंच ओली लोकर उष्णता धरायची सोडून बाहेर ओढते. बॉयलरचं अग्निप्रदीपन झालं, वाफ आली, की त्या जागी पत्र्यातून धूर निघावा तशी वाफ निघताना दिसते. लोक म्हणतात, सुकेल आपोआप. लोकर सुकते, पण आत पाइपाला गंज चढलेला असतो. साधारण ५० ते १७५ अंशांवर चालणाऱ्या लोखंडी पाइपांना ओल्या लॅगिंगखाली गंजण्याचा धोका सर्वांत जास्त, आणि पत्रा वरून मात्र जसाच्या तसा. म्हणून हंगामाआधीच्या दुरुस्तीत काही ठिकाणी, विशेषतः पाइपाच्या खालच्या बाजूला आणि आधारांजवळ, लॅगिंग उघडून पाइपाची जाडी मोजायला लावा. कारखाना म्हणेल, खर्च कशाला वाढवता? तरी आग्रह धरा. वाफेचा पाइप फाटला की आसपासचा माणूस वाचत नाही.

काम झाल्यावर पत्र्याचं तापमान साधारण ६० अंशांच्या आत असावं, अशी अट बहुतेक ठिकाणी असते. इथे एक गोष्ट ध्यानात ठेवा. चमकत्या अ‍ॅल्युमिनियमवर इन्फ्रारेड गन (न टेकवता तापमान मोजणारं यंत्र) धरली तर ती तापमान खरं त्याहून बरंच कमी दाखवते. पत्र्यावर काळी चिकटपट्टी लावा, ती तापू द्या आणि तिच्यावर गन धरा.

प्रश्न : आम्ही परळीत राहतो. माझे वडील तरुणपणी लॅगिंगच्या कंत्राटदाराकडे होते, गावोगावच्या कारखान्यांत कामं केली. पांढरी दोरी गुंडाळायची, पांढरी भुकटी पाण्यात कालवून हाताने पाइपावर थापायची, असं ते सांगतात. गेली काही वर्षं त्यांना धाप लागते. डॉक्टरांनी जुन्या कामाबद्दल विचारलं नाही, आम्हीही सांगितलं नाही. सांगायला हवं का?

उत्तर : ताई, आजच सांगा. हा अंक सोबत न्या हवं तर.

मी डॉक्टर नाही, त्यामुळे वडिलांना काय झालं आहे हे मी सांगू शकत नाही. पण ती पांढरी दोरी बहुतेक खाणीतून निघणाऱ्या तंतुमय खनिजाची, म्हणजे अ‍ॅस्बेस्टॉसची असणार. कालवून थापायच्या भुकटीत मॅग्नेशियाचा एक जुना प्रकार फार चाले. त्यात ८५ टक्के मॅग्नेशियम कार्बोनेट आणि उरलेल्या भागात बळकटीसाठी अ‍ॅस्बेस्टॉसचे तंतू असत. हे तंतू डोळ्यांना दिसत नाहीत इतके बारीक. श्वासाबरोबर आत गेले की फुप्फुसात रुतून बसतात आणि शरीराला ते विरघळवता येत नाहीत. फुप्फुस हळूहळू घट्ट होत जातं, त्याला अ‍ॅस्बेस्टॉसिस म्हणतात. फुप्फुसाचा कर्करोग आणि फुप्फुसाच्या आवरणाचा मेसोथेलिओमा हेही त्यातून होतात. लक्षणं दिसायला वीस, तीस, कधी चाळीस वर्षं लागतात. तोवर काम सुटलेलं असतं, माणूस गावी परतलेला असतो, आणि दम लागला की घरचे वयावर किंवा बिडीवर ढकलतात. डॉक्टरांना जुनं काम माहीत नसेल तर तेही दुसऱ्याच आजाराच्या मागे लागू शकतात.

अंबाजोगाईचं स्वामी रामानंद तीर्थ वैद्यकीय महाविद्यालय तुम्हाला जवळ आहे. तिथे छातीच्या विकारांच्या डॉक्टरांना दाखवा आणि 'अ‍ॅस्बेस्टॉसच्या लॅगिंगचं काम केलेलं आहे' हे वाक्य केसपेपरवर लिहून घ्या. वडील बिडी ओढत असतील तर ती बंद करायला लावा. अ‍ॅस्बेस्टॉस आणि तंबाखूचा धूर एकत्र आले की कर्करोगाचा धोका कितीतरी वाढतो.

दुसरं काम घरी बसून करायचं. वडिलांजवळ वही घेऊन बसा. कोणत्या साली कोणत्या कारखान्यात, काय काम, सोबत कोण होतं, सगळं लिहून काढा. १९४८ च्या कारखाना कायद्याने अ‍ॅस्बेस्टॉसिस हा कळवणं बंधनकारक असलेल्या आजारांत घातला आणि कामगार भरपाईच्या कायद्यातही तो आला. सर्वोच्च न्यायालयाने १९९५ साली अ‍ॅस्बेस्टॉसच्या कामगारांची आरोग्याची नोंद नोकरी लागल्यापासून निदान ४० वर्षं जपून ठेवायला सांगितलं. पण कंत्राटदाराकडे रोजाने जाणाऱ्याचं नावच कुठल्या वहीत नसायचं. अशा माणसाचा पुरावा म्हणजे त्याची आठवण आणि सोबत काम केलेल्यांची साक्ष. ते जिवंत आहेत तोवर ती लिहून घ्या. सोबतचे कोणी परळीत असतील तर त्यांनाही तपासणीला न्या.

अहमदपूरच्या वाचकांनीही हे लक्ष देऊन वाचावं. नवं लॅगिंग घालण्याआधी जुनं काढावं लागतं, आणि जुन्या कारखान्यांत पत्र्याखाली काय निघेल याचा नेम नसतो. अ‍ॅस्बेस्टॉस आहे की नाही हे नुसत्या नजरेला कळत नाही, नमुना प्रयोगशाळेत सूक्ष्मदर्शकाखाली पाहावा लागतो. तो अहवाल कारखान्याकडून मागून घ्या. अहवाल येईपर्यंत पोरांना हातोडी लावू देऊ नका. अ‍ॅस्बेस्टॉस निघालाच तर ते काम त्यासाठी शिकलेल्या माणसांचं. ते माल ओला करून काढतात, कोरडा झाडू मारत नाहीत, खास गाळणीचे मास्क वापरतात आणि कचरा बंद पिशव्यांत वेगळा ठेवतात. तोंडाला रुमाल बांधून त्या तंतूंना अडवता येत नाही. अंगावरचे कपडे तसेच घरी नेले तर धुणाऱ्या बाईच्याही छातीत तेच जातं. आजची काचलोकर किंवा दगडी लोकर अंगाला खाजते, डोळ्यांना चुरचुरते, तिच्यासाठीही मास्क आणि पूर्ण बाह्यांचा सदरा हवाच. पण ती आणि अ‍ॅस्बेस्टॉस एका पंक्तीला बसवू नका.

प्रश्न : धाराशिवहून लिहितो. पुलीच्या रबरावर बाणासारख्या तिरप्या खाचा असतात. बाणाचं टोक कोणत्या दिशेला ठेवायचं? दोन फिटर दोन तऱ्हेने सांगतात.

उत्तर : पुली ज्या दिशेला फिरते त्या दिशेला टोक. म्हणजे पट्ट्याखाली आलेलं पाणी आणि चिखल खाचांतून दोन्ही कडांकडे ढकलला जातो. उलट बसवलं तर तोच चिखल मधोमध गोळा होतो आणि पट्टा घसरायला लागतो. चिकटवण्याआधी ड्रम घासून लोखंड उघडं करा, गंजावर लावलेला डिंक धरत नाही. कन्व्हेयर दोन्ही दिशांना चालवायचा असेल तर बाणाच्या खाचा उपयोगाच्या नाहीत, शंकरपाळ्याच्या आकाराच्या खाचांचं रबर मागवा.