लाडू खाल्लेल्या पोराला खोटारडा म्हणू नकोस

अरे, काल तुझा फोन आला तेव्हा मी मेथी निवडत होते आणि तू इतका चिडला होतास की माझं बोलणं राहूनच गेलं, म्हणून आज निवांत लिहायला बसलेय. तुझ्या बालवाडीच्या वर्गातल्या साडेतीन वर्षांच्या पोराने शेजारी बसलेल्या मुलीच्या डब्यातला लाडू खाल्ला, ओठाला बेसनाचा चुरा तसाच, आणि तुझ्याकडे सरळ बघून म्हणाला, मी नाय खाल्ला. तू त्याला सगळ्यांपुढे उभं केलंस, सॉरी म्हणायला लावलंस, तो म्हणाला पण, आणि दुपारी परत तेच. आणि तू मला विचारतोयस की एवढ्याशा वयात पोरं इतकी खोटारडी होतात कशी, घरचं वळण की मोबाइल.

मला विचारशील तर त्या पोराच्या डोक्यात एक मोठी गोष्ट घडत होती आणि ती बघायला तू समोर हजर होतास.

खोटं बोलायला काय काय लागतं बघ. मला जे माहितीये ते समोरच्याला माहिती नाहीये, आणि मी जे सांगीन ते त्याला खरं वाटू शकतं, एवढं तरी कळावं लागतं. अगदी लहान पोरांना हे कळत नाही, त्यांच्या लेखी जे मला दिसतं ते सगळ्यांनाच दिसतं. आजी फोनवर विचारते जेवलास का, तर हे नुसती मान हलवतात, आजीला मान दिसत नाही हे डोक्यातच येत नाही. तुझ्या वर्गातल्या त्या पोराला आता अर्धं जमायला लागलंय, सरांनी मला खाताना बघितलं नाही एवढं त्याला कळलं. पण ओठावरचा चुरा बघून सर ओळखतील, ही पुढची कडी अजून जुळायचीये. व्हिक्टोरिया तलवार आणि कँग ली यांनी २००२ साली कॅनडात केलेल्या अभ्यासात हेच दिसलं. मागे ठेवलेलं खेळणं वळून बघायचं नाही असं मुलांना सांगून मोठं माणूस बाहेर जायचं. बहुतेकांनी बघितलं, आणि त्यातल्या बऱ्याच जणांनी आपण बघितलंच नाही असं सांगितलं, पण मग ते खेळणं काय असेल रे असं विचारल्यावर लहानगे पटकन नावच सांगून मोकळे. तुझ्या लाडवाच्या चुऱ्यासारखंच झालं ना ते.

उद्या एक कर. पारले-जीचा रिकामा पुडा घे, आत खडू भर, वरून नीट बंद कर. एकेका मुलाला वेगळं बोलावून विचार यात काय आहे, बिस्कीट म्हणेल. मग उघडून दाखव, परत बंद कर, आणि विचार की बाहेर खेळणाऱ्या तुझ्या मैत्रिणीला हा पुडा दाखवला तर तिला आत काय आहे असं वाटेल. तीनच्या आसपासची पोरं बिनदिक्कत सांगतात खडू. आणि खरी गंमत पुढे आहे, त्यालाच विचार, उघडायच्या आधी तुला काय वाटलं होतं, तरी म्हणेल खडू! अर्ध्या मिनिटापूर्वीचं स्वतःचं मत त्याला आता सापडतच नाही. तो खोटं बोलत नाहीये रे, त्याला खरंच तसं वाटतंय. मी पहिल्यांदा हे करून बघितलं तेव्हा कितीतरी वेळ तो पुडा हातात धरून बसले होते, कारण मला आठवली ती सगळी पोरं ज्यांना मी मघाशी तर तू असं म्हणालास आणि आता बदलतोस म्हणून रागावले होते.

मुलांना दुसऱ्याची समजूत कधी कळते हे बघायचे असले प्रयोग सुरू झाले ते १९८३ साली. हाइन्झ विमर आणि योसेफ पेर्नर या ऑस्ट्रियातल्या दोघांनी मुलांना मॅक्सीची गोष्ट सांगितली. मॅक्सी चॉकलेट निळ्या कपाटात ठेवून खेळायला जातो, मागे आई ते हिरव्या कपाटात हलवते, मॅक्सी परत आल्यावर कुठे शोधेल? तीन वर्षांची मुलं म्हणतात हिरव्यात, कारण चॉकलेट तर तिथेच आहे ना. चार-पाचच्या पुढे बहुतेकांना कळतं की तो निळ्यातच शोधणार, कारण त्याला ते माहितीच नाही. पुढे २००५ साली अशाच प्रकारचा प्रयोग कॅनडा, पेरू, सामोआ, थायलंड आणि आपल्या भारतातल्या मुलांबरोबर करून बघितला, तर सगळीकडे साधारण तीन ते पाच या टप्प्यातच हा बदल आला. तेव्हा इंग्लिश मीडियमची पोरं पुढे आणि आपली मागे असलं काही मनात आणू नकोस.

पण म्हणून चारपर्यंत मुलाला दुसऱ्याचं मन कळतच नाही असंही समजू नकोस, ही चूक पुस्तकं वाचून येणारे पुष्कळ जण करतात. १९९७ मध्ये बेटी रेपाकोली आणि ॲलिसन गोपनिक यांनी अगदी तान्ह्यांच्या समोर एक वाटी बिस्किटांची आणि एक ब्रोकोलीची ठेवली, आणि मोठ्या बाईने ब्रोकोली खाऊन अहाहा केलं आणि बिस्कीट खाऊन तोंड वाकडं केलं, मग हात पुढे करून मागितलं. चौदा महिन्यांची बाळं बिस्कीटच द्यायची, स्वतःला आवडतं ते. अठरा महिन्यांची ब्रोकोली द्यायची. म्हणजे दीड वर्षाच्या बाळाला एवढं कळतं की हिची आवड माझ्यापेक्षा वेगळी आहे. आवड आधी कळते, माहिती आणि समज नंतर. त्यामुळे तुझ्या वर्गात तिला लाडू आवडतो हे सगळ्यांना कळतं, पण तिला वाटतंय की डब्यात अजून लाडू आहे, ती उघडेल तेव्हा तिला काय होईल, हे फार थोड्यांना कळतं.

आता हे वाढतं कशाने. वय लागतंच, पण नुसत्या वयाने होत नाही. निकाराग्वा नावाच्या देशात १९७० च्या दशकाच्या शेवटी बहिऱ्या मुलांची शाळा निघाली, तिथे मुलांनी एकमेकांत खुणा करता करता स्वतःची एक नवी भाषाच उभी केली. पहिल्या तुकडीच्या भाषेत वाटणं, माहीत असणं अशा गोष्टींच्या खुणा फार कमी होत्या, नंतरच्या तुकड्यांकडे त्या आल्या. जेनी पायर्स आणि ॲन सेंघास यांनी २००९ साली मांडलं की पहिल्या तुकडीतल्या मोठ्या वयाच्या माणसांनाही त्या मॅक्सीसारख्या प्रश्नांत अडचण यायची, आणि पुढे लहान पिढीच्या संगतीत त्या खुणा शिकल्यावर त्यांनाच ते जमायला लागलं. माणसं मोठी, कमावती, आणि तरी दुसऱ्याच्या समजुतीबद्दल बोलायला शब्दच नव्हता म्हणून ती हातात येत नव्हती! हे वाचल्यापासून वर्गातली माझी भाषा बदलली ती कायमची.

आणि आपल्याकडे मराठीत तर यासाठी किती सुंदर शब्द पडलेत बघ. मला वाटतं आणि मला वाटलं, नुसत्या काळाचा फरक, पण मला वाटलं तू गेलास असं म्हटलं की न सांगता कळतं की तसं नव्हतं. शिवाय म्हणे आहे, उद्या सुट्टी आहे म्हणे, म्हणजे मी ऐकलंय, मी बघितलेलं नाही. हे शब्द मुलांच्या कानावर रोज पडू देत. धक्का दिलास ना, सॉरी म्हण, यात तो काय शिकला? सॉरी हा दार उघडायचा पासवर्ड आहे एवढं शिकला. त्यापेक्षा खाली बस, त्याच्या डोळ्यांच्या उंचीला ये आणि सांग, तुला वाटलं ती तुझा ठोकळा घेतेय, तिला वाटलं तुझं खेळून झालंय. बास. भाषण नको. मुलं पुष्कळदा एवढ्यावर थांबून एकमेकांकडे बघतात, आणि ते बघणं मला शंभर सॉरींपेक्षा मोलाचं वाटतं.

एखादं मूल नावाने हाक मारली तरी वळत नाही, बोट दाखवून काही दाखवत नाही, तर त्याला हट्टी ठरवू नकोस, पण स्वतःच्या मनाने कुठलं लेबलही लावू नकोस. आईवडिलांना सांग की आधी कान तपासून घ्या आणि मग मुलांच्या डॉक्टरांना दाखवा.

आता खेळ. आपण भातुकलीत म्हणतो ना खोटं खोटं जेवण, खोटा खोटा चहा. शब्द तोच बघ, खोटं. रिकाम्या कपातून फुर्र करून चहा पिणाऱ्या पोरीला कप रिकामा आहे हे पक्कं माहितीये आणि तरी तो गरम आहे म्हणून ती फुंकर घालते, दोन गोष्टी एकाच वेळी डोक्यात, एक खरी आणि एक मानलेली. लाडू खाल्लेलं पोरही तेच करतंय, फक्त ते चुकीच्या जागी वापरतंय. म्हणून मी तुला सांगते की टाइमटेबलमधला भातुकलीचा तास काढून तिथे वर्कशीट घालू नकोस, पालक कितीही मागे लागले तरी. तू सांग त्यांना माझं नाव.

आणि वयं मिसळू दे. आपल्याकडे अंगणात खेळताना धाकट्याला कच्चं लिंबू करून घेतात, तो आऊट होत नाही, त्याच्यावर राज्य येत नाही, पण पळतो सगळ्यांबरोबर आणि महिनाभरात कधी पक्का होतो ते कुणाला कळतही नाही. लेव्ह व्हिगॉट्स्की नावाचा रशियन मानसशास्त्रज्ञ १९३४ साली वारला, त्याने मांडलं होतं की मूल एकट्याने जे करू शकतं आणि जाणत्याच्या मदतीने जे करू शकतं त्या दोन्हीमधल्या जागेत शिकणं होतं. मला ते वाचताना सारखं कच्चं लिंबूच आठवत होतं. ताराबाई मोडक आणि अनुताई वाघ यांनी १९४५ पासून बोर्डीला आणि पुढे कोसबाडला काम केलं, तिथे धाकट्या भावंडांना सांभाळायचं म्हणून मोठ्या मुली शाळेत येत नव्हत्या, तर पाळणाघर, बालवाडी आणि शाळा एकाच अंगणात आणून त्यांनी वाट काढली. पेर्नर आणि त्याच्या सहकाऱ्यांनी १९९४ मध्ये भावंडं असलेली मुलं त्या मॅक्सीच्या प्रश्नात पुढे दिसतात असं मांडलं, नंतरच्या काही अभ्यासांत ते तितकं ठळक आलं नाही. माझ्या डोळ्यांना एवढं नक्की दिसलंय की मोठ्या मुलीला धाकट्याला खेळाचा नियम समजावून सांगायला लाव, तिला आधी विचार करावा लागतो की याला काय माहीत नसेल, आणि तिथेच ती शिकते. सध्याच्या घरांत एकच मूल, वर चुलत-मामे भावंडं सुट्टीपुरती, मग हे अंगण राहिलं कुठे, तुझ्याच वर्गात ना.

अजून एक, ते मदत केली की स्टार चिकटवणं बंद कर. फेलिक्स वार्नेकेन आणि मायकेल टोमासेलो यांनी २००६ मध्ये दाखवलं की अठरा महिन्यांची मुलं कुणी न सांगता, बक्षीस नसताना अनोळखी माणसाची पडलेली वस्तू उचलून देतात, आणि २००८ मध्ये हेही की मदतीला बक्षीस दिलं तर ते थांबल्यावर मदत कमी होते. आहे ते कशाला घालवायचं.

राहता राहिलं ते पोर. मीही माझ्या सुरुवातीच्या वर्षात एका मुलीला खोटं बोललीस म्हणून दाराशी उभं केलं होतं, पुढे कितीतरी दिवस ती मला काही सांगायचीच नाही, खरं पण नाही आणि खोटं पण नाही. तिचा चेहरा अजून आठवतो. तेव्हा तू उद्या त्याला खाल्लास का असं विचारूच नकोस, तुला माहितीये त्याने खाल्लाय, मग परीक्षा कशाला घ्यायची. ओठाला चुरा लागलाय, पूस, एवढं म्हण. मग त्या मुलीकडे बोट न दाखवता सांग की तिला वाटत होतं डब्यात लाडू आहे, आणि थांब, काही बोलू नकोस. तो गप्प बसेल, कदाचित पळून जाईल, चालेल. दुपारी डबे उघडायच्या वेळेला मात्र त्याच्या जवळ बस आणि काय करतो ते बघ. आणि पुड्याचं विसरू नकोस, कोण काय म्हणालं ते वयासकट वहीत लिहून ठेव, मी गुरुवारी येतेय तेव्हा आपण बसून बघू, मला त्या लाडूवाल्याचं उत्तर सगळ्यात आधी ऐकायचंय.