चित्रं काढता येत नाहीत, तरी ग्राफिक डिझायनरला कॉमिक्समध्ये करिअर करता येईल का?
हो, करता येईल. संवादांची अक्षरं (म्हणजे लेटरिंग), लोगो, मुखपृष्ठाची मांडणी ही कामं बऱ्याचदा चित्रकार करतच नाही. अमेरिकेतल्या टॉड क्लाइन यांचंच बघा. १९७७ साली ते डीसी कॉमिक्सच्या प्रॉडक्शन विभागात लागले, तिथेच लेटरिंग आणि लोगोंत मुरले आणि १९८७ मध्ये नोकरी सोडून फ्रीलान्स झाले. त्यांनीच लेटरिंग केलेल्या ‘सँडमॅन’ या कॉमिक्समध्ये ड्रीम या मुख्य पात्राचं बोलणं काळ्या फुग्यात पांढऱ्या अक्षरांत आहे, तर त्याच्या बहिणीचं, डिलिरियमचं, रंगीबेरंगी फुग्यांत, लहानमोठ्या अक्षरांत. पात्राचा आवाज वाचता वाचता ऐकू येतो, आणि ही करामत अक्षरांची. उत्कृष्ट लेटररचा आयस्नर हा कॉमिक्समधला मानाचा पुरस्कार त्यांना १५ हून अधिक वेळा मिळाला आहे.

मात्र त्यांची सुरुवात हाताने अक्षरं लिहिण्याच्या काळातली. आता बहुतेक लेटरिंग अडोबी इलस्ट्रेटर या सॉफ्टवेअरमध्ये होतं, पैसे सहसा पानामागे मिळतात, आणि पानं लेटररकडे सगळ्यांत शेवटी येत असल्यामुळे आधीच्या सगळ्यांचा उशीर त्याच्याच माथी बसतो. नमुन्यादाखल सलग सहा-सात पानं लेटरिंग करून दाखवा. सुटे लोगो फारसे उपयोगी पडत नाहीत. देवनागरीत करणार असाल तर मात्रा-वेलांट्यांसाठी ओळींत जास्त जागा सोडा.