मूळ मार्कलिस्ट कॉलेजच्या कपाटात

प्रश्न : वकीलताई, धनकवडीत माझं पोळीभाजी केंद्र आहे. भिशी उचलून मुलीला एका खासगी कॉलेजात बी.एस्सी.ला घातलं. फी ६२,०००, वर अनामत ४,०००. पुढच्या फेरीत तिचा ॲग्रीला नंबर लागला. या कॉलेजची प्रवेशाची शेवटची तारीख २० ऑगस्ट होती, आम्ही २६ तारखेला जाऊन सांगितलं. ऑफिसात म्हणाले, ‘फीवर हक्क नाही असं लिहून द्या, मग मार्कलिस्ट आणि एलसी न्या.’ नवीन कॉलेज कागद मागतंय. लिहून देऊ का?
– एक आई, धनकवडी

उत्तर : ताई, नका देऊ. तुमचं पत्र २९ ऑगस्टला हाती पडलं तेव्हा फोनवर हेच सांगितलं होतं. बाकीच्या पालकांसाठी इथे सविस्तर लिहिते.

आधी कागद. विद्यापीठ अनुदान आयोगाची, म्हणजे यूजीसीची, ऑक्टोबर २०१८ ची अधिसूचना आहे. प्रवेशाच्या वेळी मूळ कागद विद्यार्थ्यासमोर तपासायचे, लगेच परत द्यायचे आणि स्वसाक्षांकित प्रती ठेवून घ्यायच्या, असं ती सांगते. मार्कलिस्टबरोबर शाळा सोडल्याच्या दाखल्याचाही त्यात नावानिशी उल्लेख आहे. म्हणजे तुमच्या मुलीचे कागद त्या कपाटात जायलाच नको होते. आम्हा वकिलांनासुद्धा फी थकली म्हणून अशिलाची फाइल अडवता येत नाही, सर्वोच्च न्यायालयाने २००० सालीच तसं बजावलंय. माझी स्वतःची बारावीची मार्कलिस्ट एका कॉलेजने अशीच तीन महिने अडवली होती. रोज बाकावर बसून वाट पाहायचे. त्या वयाच्या मुलीला स्वतःच्याच कागदासाठी हात जोडायला लावणं मला आजही सहन होत नाही.

आता पैसे. इथे सगळा खेळ तारखेचा आहे. तुम्ही २६ तारखेला तोंडी सांगितलंत, त्याचा पुरावा काय? त्याच अधिसूचनेप्रमाणे मोजणी लेखी अर्जापासून होते. शेवटच्या तारखेनंतर १५ दिवसांच्या आत, म्हणजे ४ सप्टेंबरपर्यंत अर्ज दिला तर ८० टक्के फी परत. त्यानंतर १९ सप्टेंबरपर्यंत ५० टक्के. पुढे काहीच नाही. तुमचे ८० टक्के म्हणजे ४९,६०० रुपये. अनामत हा फीचा भाग नाही, ती पूर्ण मिळते, म्हणून मागायचे ५३,६००. अर्ज मिळाल्यापासून १५ दिवसांत कॉलेजने पैसे द्यायचे असतात. शिवाय प्रवेशाच्या वर्षापुरतं यूजीसीचं वेगळं पत्रक निघालंय का, तेही पाहा. २०२४-२५ साठी ३० सप्टेंबरपर्यंत प्रवेश रद्द करणाऱ्यांना पूर्ण फी परत द्या, असं सांगितलं होतं. (इंजिनिअरिंगवाल्यांनी हा हिशेब लावू नये, त्यांना एआयसीटीईचे, म्हणजे तंत्रशिक्षण परिषदेचे, नियम पाहावे लागतील.)

कागद आणि फी या दोन वेगळ्या मागण्या आहेत, तेव्हा अर्जही दोन करा. कॉलेजला त्यांची एकत्र मोट बांधायची आहे, कारण नवीन प्रवेशाची घाई तुम्हाला आहे, त्यांना नाही. दोन्ही अर्ज आवक खिडकीवर द्या आणि आपल्या प्रतीवर शिक्का, तारीख घ्या. शिक्का नाकारला तर त्याच दिवशी स्पीड पोस्टाने आणि कॉलेजच्या ईमेलवर पाठवा. ज्यांनी घाबरून आधीच सही केली असेल, त्यांनी ‘कागद अडवून सही घेतली’ असं आजच लेखी कळवावं.

तरी हलले नाहीत तर कॉलेजच्या विद्यार्थी तक्रार निवारण समितीकडे जा. २०२३ च्या नियमांप्रमाणे समितीला १५ कामाचे दिवस असतात. निर्णय पटला नाही तर पुढच्या १५ दिवसांत विद्यापीठाच्या लोकपालांकडे अपील करता येतं. यूजीसीच्या ई-समाधान पोर्टलवरही तक्रार टाका, तिथे खर्च काही नाही. ग्राहक आयोगात आधी धावू नका, शिक्षणसंस्था त्या कायद्यात बसत नाहीत असा राष्ट्रीय आयोगाचा २०२० चा निकाल आहे. वकील लागलाच तर शिवाजीनगर कोर्टात जिल्हा विधी सेवा प्राधिकरणाकडे जा. स्त्रियांना तिथे उत्पन्न न विचारता मोफत वकील मिळतो.

अर्जावर सही मुलीची हवी, खाली तुमची. पैसे कुठल्या खात्यात हवेत तेही लिहा. आणि फीची मूळ पावती हातची सोडू नका, झेरॉक्सच जोडा.