शेअरचे चार्ट वाचायला शिकतोय. कोणते इंडिकेटर, म्हणजे भावांवरून काढलेल्या रेषा, चार्टवर लावावेत? कँडलचे, म्हणजे ठरावीक काळातला भाव दाखवणाऱ्या चार्टवरच्या उभ्या कांड्यांचे, पॅटर्न पाठ करणं पुरेसं आहे का?

पहिलं वर्षभर एकही लावू नका. आरएसआय, एमएसीडी, मूव्हिंग ॲव्हरेज ही सगळी शेअरच्या त्याच किमतींची आकडेमोड आहे. पाच इंडिकेटर लावले आणि पाचही एकच सांगताहेत म्हणून हुरळून जाणं म्हणजे एकाच माणसाला पाचदा विचारणं. खाली व्हॉल्यूम, म्हणजे किती शेअरचे सौदे झाले, तेवढा ठेवा, ती माहिती वेगळी आहे. हॅमर, डोजी, एन्गल्फिंग असे कँडलचे पॅटर्न आठवड्यात पाठ होतील, पण ती कँडल कोणत्या पातळीवर बनली हे बघता येत नसेल तर ते पाठांतर फुकट.

पातळी म्हणजे काय हे मला अण्णांमुळे, म्हणजे वडिलांमुळे कळलं. ते 2007 साली निवृत्त झाले. फंडाचे आणि ग्रॅच्युइटीचे पैसे हातात, आणि जो तो शेअरबद्दल बोलत होता. जानेवारी 2008 मध्ये, सेन्सेक्स 21,000 च्या वर जाऊन आला त्याच आठवड्यात, त्यांनी तीन मोठ्या कंपन्यांचे शेअर घेतले. ऑक्टोबरात सेन्सेक्स 7,700 च्या खाली होता. अण्णांनी पेपरातलं शेअरचं पान उघडणं सोडलं. कुणी विषय काढला की एकच उत्तर, "मुद्दल सुटलं की विकणार."

5 नोव्हेंबर 2010, लक्ष्मीपूजन. संध्याकाळच्या मुहूर्ताच्या सौद्यांत सेन्सेक्स पुन्हा 21,000 च्या वर गेला आणि अण्णांनी त्याच संध्याकाळी ब्रोकरला फोन करून तिन्ही शेअर विकून टाकले. आई चिडली. आजच्या दिवशी लोक शकुनाचा एखादा शेअर घेतात आणि तुम्ही विकताय? अण्णा काही बोलले नाहीत. पावणेतीन वर्षांनी त्या रात्री ते निवांत झोपले.

मी तेव्हा नुकताच चार्ट शिकत होतो. दर महिन्याला एक कँडल असा सेन्सेक्सचा चार्ट उघडला, 21,000 वर आडवी रेघ मारली. दोन्ही शिखरं तिला टेकलेली. पुढे डिसेंबर 2011 मध्ये सेन्सेक्स 15,200 च्या खाली उतरला. पुस्तकात ज्याला रेझिस्टन्स म्हणतात तो मी आमच्या बैठकीच्या खोलीत, फोन कानाला लावून उभा असलेला पाहिला होता. अडकलेली माणसं मुद्दल सुटायची वाट बघत असतात आणि तो भाव आला की माल बाहेर काढतात. चार्ट वाचायचा तो एवढ्यासाठी: कोण कुठे अडकलंय, आणि तिथे व्हॉल्यूम किती झालं होतं.

माझा थोरला भाऊ याला आजही ज्योतिष म्हणतो. त्याचं म्हणणं, बाजार पडला तो महागाई, युरोपचं कर्ज आणि व्याजदरांमुळे. रिझर्व्ह बँकेने मार्च 2010 ते ऑक्टोबर 2011 या काळात 13 वेळा दर वाढवले. ते खरंच आहे. पण दर वाढले म्हणून अण्णांनी विकलं नाही, त्यांना दर वाढलेले ठाऊकही नव्हते. दादा, तू त्या संध्याकाळी घरातच होतास.

त्याचा दुसरा मुद्दा मात्र मला मान्य करावा लागतो. 2013 च्या शेवटी ती पातळी ओलांडली आणि मे 2014 मध्ये सेन्सेक्सने 25,000 ला स्पर्श केला. अण्णा बाहेरच राहिले. विकणारे संपले की रेघ तुटते, आणि ती कोणत्या दिवशी तुटेल हे चार्ट सांगत नाही. स्टॉपलॉस, म्हणजे भाव विरुद्ध गेला तर कुठे बाहेर पडायचं हे आधीच ठरवून ठेवणं, त्यासाठीच असतो.

आणखी एक, जे आधीच सांगायला हवं होतं. बऱ्याच वर्षांचा चार्ट लॉग स्केलवर बघा, त्यात सारख्या टक्क्यांची हालचाल सारख्याच उंचीची दिसते. साध्या स्केलवर 2008 ची ती 60 टक्क्यांहून मोठी पडझड आज लहानशा खळगीएवढी दिसते. आणि कंपनीने शेअरचे तुकडे केले (स्प्लिट) किंवा फुकट शेअर दिले (बोनस) तर त्यानुसार चार्टवरचे जुने भाव ॲडजस्ट केलेले आहेत का ते तपासा, नाहीतर 1 चे 5 शेअर झाले त्या दिवशी भाव 80 टक्के कोसळलेला दिसेल.

इंट्राडे ऑप्शनसाठी, म्हणजे भावाच्या चढउतारावरचे करार त्याच दिवशी घेऊन विकण्यासाठी, शिकत असाल तर मी मदत करणार नाही. शेअर बाजारावर देखरेख करणाऱ्या सेबीच्या 2024 च्या अभ्यासात तीन वर्षांत फ्युचर्स-ऑप्शन्समधल्या 93 टक्के वैयक्तिक ट्रेडरना तोटा झालेला दिसला. त्यांच्या स्क्रीनवरही इंडिकेटर होतेच.